नावाचा अर्थ कुणी सांगितला?

(महिला संघटनांच्या कार्यकर्त्यांच्या शिबिरात केलेल्या भाषणाचे शब्दांकन. वक्त्या समाजकार्य विषयातील पदव्युत्तर शिक्षण घेतलेल्या असून वस्त्यांमध्ये माता-बालकांसोबत काम करतात.)



कार्यक्रमपत्रिकेत माझ्या सत्रापुढे ‘मुलींची नावं आणि त्यांचे अर्थ’ असं लिहिलेलं पाहून काहीजणींच्या भुवया वर गेल्या, ते मी पाहिलं. सकाळी आपण कौटुंबिक हिंसाचाराच्या कायद्यावर बोललो, जेवणानंतर रेशनवर बोलणार आहोत, आणि मध्येच हे बारशाचं काय, असं वाटणं साहजिक आहे.

पण जरा आठवून बघा. मुलीच्या जन्माचं स्वागत हा कार्यक्रम आपल्यापैकी बहुतेक गटांनी कधी ना कधी घेतलेला आहे. वस्तीत मुलगी झाली की आपण जिलेबी वाटतो, सगळ्याजणी मिळून बारसं करतो, झबलं-टोपडं नेतो. त्या वेळी बाळंतीण हमखास विचारते, “ताई, चांगल्या अर्थाचं एखादं नाव सांगा ना.” आणि आपण सांगतो. कुठे तरी वाचलेलं, मोबाईलवर दिसलेलं, एस.टी. स्टँडवरच्या नावांच्या पुस्तकातलं. कायद्याचं कलम सांगताना आपण पुस्तक उघडतो, औषधाची बाटली देताना तारीख बघतो. नाव देताना मात्र काहीच बघत नाही. आपण सांगितलेला तो अर्थ ती मुलगी पुढे जन्मभर सांगत राहते. शाळेत सांगते, मैत्रिणींना सांगते, स्वतःच्या मनाशी म्हणते. तो खरा असावा, एवढी तरी काळजी आपण घ्यायला नको का?

साताऱ्यातल्या मुली

एक घटना आपल्या सगळ्यांना माहीत आहे. सातारा जिल्ह्यात ‘नकुशी’, ‘नकुसा’, ‘नकोशी’ अशी नावं असलेल्या मुली मोठ्या संख्येने आहेत, असं लक्षात आलं. पाठोपाठ मुलीच झाल्या, आता मुलगा हवा, ही नको होती, म्हणून नकुशी. ऑक्टोबर २०११ मध्ये अशा २८५ मुलींचं जाहीर कार्यक्रमात नव्यानं नामकरण झालं. त्याच वर्षीच्या जनगणनेत महाराष्ट्रात शून्य ते सहा वयोगटात हजार मुलग्यांमागे ८९४ मुली होत्या. दहा वर्षांपूर्वी, २००१ मध्ये, त्या ९१३ होत्या. तेव्हा तो कार्यक्रम नुसता हौसेचा नव्हता.

त्या कार्यक्रमाच्या बातम्या परदेशापर्यंत गेल्या. मुलींनी कोणती नावं घेतली तेही छापून आलं. त्यात ऐश्वर्या होती, सावित्री होती, वैशाली होती, अस्मिता होती. आणि नावांसोबत अर्थही छापून आले. वैशाली म्हणजे समृद्ध, सुंदर आणि चांगली. अस्मिता म्हणजे अतिशय कणखर, दगडासारखी कठीण.

आता हे अर्थ तपासू या.

वैशाली हे एका नगरीचं नाव आहे. आजच्या बिहारमधली, लिच्छवींच्या गणराज्याची राजधानी. आम्रपाली तिथली. बौद्ध परंपरा सांगते की बुद्धाला वाढवणारी त्याची मावशी महाप्रजापती गौतमी शाक्य कुळातल्या बायकांना घेऊन कपिलवस्तूहून वैशालीपर्यंत पायी चालत गेली. बायकांनाही संघात प्रवेश द्या, ही मागणी घेऊन ती तिथे उभी राहिली. आनंदानं त्यांची बाजू मांडली आणि भिक्षुणी संघ सुरू झाला. म्हणजे बायका मोर्चानं जाऊन हक्क मागून घेतात, त्या गावाचं नाव वैशाली. आणि आपण त्या मुलीला काय सांगितलं? सुंदर आणि चांगली!

अस्मिता पाहा. संस्कृतात ‘अस्मि’ म्हणजे ‘मी आहे’. त्याला ‘ता’ जोडून झालेला शब्द अस्मिता, म्हणजे मी-पण. योगशास्त्रात ते क्लेशांपैकी एक मानलेलं आहे, कारण तिथे मी-पण सोडायचं असतं. आपल्या मराठीत त्याचा अर्थ स्वत्वाची जाणीव असा रुळला. मग दगड कुठून आला? ‘अश्म’ म्हणजे दगड. तालव्य श आणि दंत्य स यांची सरमिसळ झाली असावी, दुसरं कारण दिसत नाही. पण या चुकीनं काय घालवलं बघा. जिच्या नावातच ‘तू नको होतीस’ असं लिहिलेलं होतं, ती मुलगी स्वतः नाव घेते ‘मी आहे’. याहून नेमकं उत्तर कोणतं असेल? आणि ते उत्तर तिला कुणी समजावूनच सांगितलं नाही.

ऐश्वर्याचं तसंच. आपल्याला वाटतं श्रीमंती. मूळ शब्द ईश्वर, म्हणजे ज्याची सत्ता चालते तो. ऐश्वर्य म्हणजे अधिकार, प्रभुत्व. आणि सावित्री? शब्द सवितृ म्हणजे सूर्य, त्यावरून आला. पण साताऱ्यातल्या मुलीनं सावित्री हे नाव घेतलं तर ते वडाच्या पूजेतल्या सावित्रीसाठी की नायगावच्या सावित्रीबाईंसाठी, हे कोश सांगणार नाही. नायगाव साताऱ्यातच आहे. तिलाच विचारायला हवं.

म्हणून मी म्हणते, अर्थ तपासणं हा पंडितांचा खेळ नाही. चुकीचा अर्थ पुष्कळदा बाईच्या वाट्याला कमी देणारा असतो. लढाऊ शब्द घासूनपुसून गुळगुळीत केला जातो.

चुकीचे अर्थ येतात कुठून

पहिलं कारण अक्षराचं. पंचांगात जन्मनक्षत्राच्या चार चरणांना चार अक्षरं दिलेली असतात. आर्द्रा नक्षत्राला कु, घ, ङ, छ. हस्ताला पू, ष, ण, ठ. उत्तरा भाद्रपदेला दू, थ, झ, ञ. आता ङ, ण किंवा ञ यांनी सुरू होणारा शब्द आणायचा कुठून? गुरुजी दुसरं अक्षर सुचवतात. पण ठ, थ, झ, छ यांच्यासाठीही लोक नवं, छोटं, दुसऱ्या कुणाचं नसलेलं नाव शोधतात. नाही मिळालं तर बनवतात. नवं नाव बनवण्यात गैर काहीच नाही, भाषा अशीच वाढते. गडबड पुढे होते. पुस्तक छापणाऱ्याला प्रत्येक नावापुढची जागा भरायची असते. मग तो ‘लक्ष्मीचं एक नाव’, ‘सूर्याचा पहिला किरण’, ‘सुंदर’ असं काहीतरी भरतो. असे अर्थ एका पुस्तकातून दुसऱ्यात उतरत जातात आणि दहा ठिकाणी दिसलं म्हणून आपल्याला खरे वाटतात.

दुसरं कारण भाषांच्या गोंधळाचं. सध्या वस्तीतसुद्धा कियारा नाव ऐकू येतं. विचारलं तर संस्कृत म्हणून सांगतात. संस्कृतशी त्याचा संबंध नाही. इटालियनमध्ये ‘क्यारा’ हे स्त्रीनाम आहे, लॅटिनमधल्या ‘स्वच्छ, उजळ’ अशा अर्थाच्या शब्दावरून आलेलं. आयर्लंडमध्ये जवळपास याच अक्षरांनी लिहिलं जाणारं एक नाव आहे, त्याचा अर्थ काळी, सावळी! म्हणजे एकाच नावाचे दोन उगम आणि अर्थ नेमके उलटे. पण आपल्याकडच्या पुस्तकवाल्याला दोन्हींतला कुठला सापडेल, हे मी सांगायला नको. उजळपणाचं वेड आपल्याला माहीत आहे. खरं तर सावळेपणाची नावं आपल्याकडे मानानं ठेवलेली आहेत. द्रौपदीचं स्वतःचं नाव कृष्णा, म्हणजे सावळी.

मायराचं असंच आहे. ‘मायरा म्हणजे प्रिय, शब्द संस्कृत’ असं सर्रास सांगतात. इंग्रजीतलं मायरा हे नाव फुल्क ग्रेव्हिल या सोळाव्या-सतराव्या शतकातल्या इंग्रज कवीनं आपल्या प्रेमकवितांतल्या स्त्रीसाठी वापरलं, तिथून ते पसरलं. आणि राजस्थानात मायरा म्हणजे बहिणीच्या घरच्या लग्नात भावानं आणलेला आहेर. नाव छानच आहे, ठेवा. पण संस्कृतचा शिक्का मारू नका.

या शिक्क्याबद्दल जरा बोलायला हवं. आपलं ते सगळं संस्कृत, असं म्हणायची एक सवय लागली आहे. त्यात बरंच काही झाकलं जातं. शहाजी या नावातला ‘शहा’ फारसी आहे. तेव्हाच्या अहमदनगरच्या शाह शरीफ या पिराच्या नावावरून मालोजीराजांनी मुलांची नावं शहाजी आणि शरीफजी ठेवली, अशी परंपरागत हकिकत आहे. साहेबराव, दौलतराव, हैबतराव यांतले पहिले शब्द अरबी. आपली गुलाबबाई फारसी: गुल म्हणजे फूल, आब म्हणजे पाणी. ज्या घरात अशी नावं पिढ्यान्‌पिढ्या नांदली, तिथेच आज आयेशा किंवा शबनम हे नाव ‘त्यांचं’ वाटतं. आयेशा म्हणजे जिवंत, जगणारी. शबनम म्हणजे दव. आपल्या गटात या नावाच्या मैत्रिणी आहेत, आणि मराठीतल्या नावांच्या बहुतेक पुस्तकांत त्यांना जागाच नसते.

तसंच पाली परंपरेचं. १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपुरात बाबासाहेबांनी धम्मदीक्षा घेतली. त्यानंतर घराघरांत सुजाता, संघमित्रा, यशोधरा, गौतमी, महामाया, प्रज्ञा, करुणा आल्या. पुस्तकात सुजाता म्हणजे ‘चांगल्या कुळात जन्मलेली’. शब्दार्थ बरोबर आहे. पण ज्या आईबापांनी ते नाव ठेवलं त्यांनी कुळ बघितलं नव्हतं. उपासानं खंगलेल्या सिद्धार्थाला खीर देणारी सुजाता त्यांच्या डोळ्यांसमोर होती. कुळाचा टेंभा मिरवणाऱ्या समाजरचनेलाच त्यांनी नकार दिला होता. तिथे ‘चांगल्या कुळातली’ एवढाच अर्थ सांगणं म्हणजे अर्थाचा अनर्थ.

आणि विशाखा? पुस्तकात ‘एक नक्षत्र’ एवढंच असतं. पण श्रावस्तीची विशाखा ही बुद्धाची मोठी उपासिका होती. आणि कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्ध सर्वोच्च न्यायालयानं १९९७ साली दिलेली तत्त्वं ज्या नावानं ओळखली जातात तेही विशाखाच. आपल्यातली कुणी मुलीचं नाव विशाखा ठेवणार असेल तर तीनांपैकी कुठली विशाखा, हे तिनं ठरवावं आणि मुलीला सांगावं.

अर्धवट अर्थ

काही अर्थ चुकीचे नसतात, पण अर्धवट असतात. जानकी म्हणजे सीता. बरोबर. पण जानकी म्हणजे जनकाची मुलगी, हे कुठे जातं? द्रौपदी म्हणजे द्रुपदाची. पार्वती म्हणजे पर्वताची. जाह्नवी म्हणजे जह्नूची. वैदेही, मैथिली, गांधारी, कैकेयी, कौसल्या, माद्री, पांचाली ही सगळी नावं देशांवरून आलेली. कुंती हे नाव तिला दत्तक घेणाऱ्या कुंतिभोजावरून, तिचं स्वतःचं नाव पृथा. मोठमोठ्या राण्या, पण ओळख बापाची नाहीतर बापाच्या मुलखाची. आपल्या वस्तीतली बाई ‘गणपाची बायको’ आणि ‘पिंट्याची आई’ म्हणूनच ओळखली जाते, त्याची मुळं किती जुनी आहेत बघा.

आणि यात सीता हे नाव वेगळं उठून दिसतं. सीता म्हणजे नांगरानं जमिनीत पडलेला तास. ना बापाचं नाव, ना गावाचं. शेतीतलं, मातीतलं नाव. शेतावर राबणाऱ्या बायकांच्या बैठकीत हा अर्थ सांगून बघा, चेहरे कसे खुलतात ते दिसेल.

कोश पुरेसा नसतो

आता उलट बाजू. फक्त कोश उघडून सगळं कळतं, असंही नाही.

धोंडाबाई, दगडाबाई, भिकाबाई, केराबाई. कोशाप्रमाणे दगड, भीक, केर. शहरातली मंडळी हसतात. पण ही नावं का ठेवली जायची? आधीची मुलं दगावलेली असायची. नव्या बाळावर कुणाची नजर पडू नये, मृत्यूनं ‘हे काय टाकाऊच आहे’ म्हणून पुढे जावं, म्हणून आईबाप मुद्दाम हलकं नाव ठेवत. मुलग्यांनाही ठेवत: धोंडू, दगडू, भिकू, केरबा. शब्द तुच्छतेचा, हेतू मात्र जपण्याचा. मराठवाड्याच्या मुक्तिसंग्रामात उतरलेल्या दगडाबाई शेळके आपल्याला ठाऊक आहेत. त्या नावाला कोण हसेल?

नकुशी वरवर त्याच जातीचं नाव वाटेल. पण तिथे हेतू नेमका उलटा आहे. बाळ जगावं म्हणून नव्हे, पुन्हा मुलगी होऊ नये म्हणून ते ठेवलं जातं. हरियाणात भतेरी ठेवतात, म्हणजे ‘पुरे झाल्या’. मुलग्याला कुणी नकुशा म्हटल्याचं मी तरी ऐकलेलं नाही. केराबाई आणि नकुशी यांतला हा फरक कोशात मिळत नाही, तो घरातल्या म्हातारीला विचारल्यावर मिळतो. म्हणून सर्वेक्षण करताना नाव दिसलं की लगेच ‘अपमानकारक’ या रकान्यात टाकू नका. आधी विचारा.

खरा अर्थ हत्यारासारखा वापरला जातो तेव्हा

आणखी एक गोष्ट नीट समजून घेऊ या. एका शाळेत बाईंनी वर्गात अनया नावाच्या मुलीला सांगितलं, “तुझ्या नावाचा अर्थ अन्याय.” मुलगी रडत घरी आली. आईला आम्ही काय सांगायचं?

आधी खरं ते सांगायचं. संस्कृत कोशात ‘अनय’ म्हणजे दुर्नीती, अन्याय, संकट हे अर्थ आहेत. ते नाकारून उपयोग नाही. पण मराठी परंपरेत राधेच्या नवऱ्याचं नाव अनय आहे, आणि कित्येक घरांत अनया हे नाव राधा या अर्थानं ठेवलं जातं. तिसरं, अरबीत ‘इनाया’ म्हणजे काळजी, कृपा. ‘ईश्वराची कृपा’ हा जो अर्थ अनयापुढे छापतात तो तिथून आलेला दिसतो. तीन वेगळे शब्द एकमेकांत मिसळले. आईनं कोणत्या अर्थानं ठेवलं ते आईनं सांगावं, आणि मुलीला तिन्ही सांगावेत. तिला लपवाछपवीची गरज नाही. वर्गात उभं राहून तिला ते सांगता आलं पाहिजे.

वृषाली नावाच्या मैत्रिणींनाही असा अनुभव येतो. कुणीतरी कोश दाखवतं: ‘वृषली’ म्हणजे शूद्र स्त्री, लग्नाआधी बापाच्या घरी पाळी आलेली मुलगी, वांझ बाई. पहिली गोष्ट, वृषली आणि वृषाली ही दोन वेगळी रूपं आहेत, एका काना-मात्रेनंही शब्द बदलतो. शिवाजी सावंतांच्या ‘मृत्युंजय’ मध्ये, १९६७ साली, कर्णाच्या पत्नीचं नाव वृषाली आहे. ज्या घरानं ती कादंबरी वाचून नाव ठेवलं, त्या घरापुरता नावाचा उगम तिथे आहे. दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची. वृषली या शब्दाचे ते अर्थ वाचा पुन्हा. जात, पाळी, मूल न होणं: बाईला हिणवायला जे जे वापरलं गेलं ते सगळं एका शब्दात गोळा झालंय. कोशकारानं ते मनानं लिहिलेलं नाही, ग्रंथांत होतं ते नोंदवलं. तेव्हा त्या शब्दाची लाज कुणाला वाटायला हवी? ज्या समाजानं तो बनवला त्याला.

नावांचे नियम कुणी केले तेही माहीत असू द्या. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात वर्णानुसार नावं कशी असावीत ते सांगितलंय. ब्राह्मणाचं मंगल, क्षत्रियाचं बळ दाखवणारं, वैश्याचं धनाचं, आणि शूद्राचं तिरस्कार वाटेल असं. बायकांचं नाव उच्चाराला सोपं, कठोर नसलेलं, मनाला गोड वाटणारं, शेवटी दीर्घ स्वर असलेलं. आजही नावांच्या पुस्तकात मुलींच्या पानांवर कोमल, नाजूक, मधुर यांची गर्दी का, याचं उत्तर इथे मिळतं. तिसऱ्या अध्यायात तर लग्न कोणत्या मुलीशी करू नये याची यादी आहे: जिचं नाव नक्षत्राचं, झाडाचं, नदीचं, पर्वताचं, पक्ष्याचं, सापाचं, दासीचं किंवा भीती वाटेल असं असेल ती.

आता या मंडपात बघा. रोहिणी, रेवती, चित्रा, स्वाती, अनुराधा, गंगा, गोदावरी, कृष्णा, कावेरी, तुळसा, चंपा, मैना, सारिका, कोकिळा. मनूच्या हिशेबानं आपल्यापैकी निम्म्या बाद! आपल्या आज्यांनी मनूला न विचारता नद्यांची आणि नक्षत्रांची नावं लेकींना दिली. २५ डिसेंबर १९२७ ला महाडला तो ग्रंथ जाळला गेला, त्याच्या कितीतरी आधीपासून बाया आपल्या परीनं तो मोडत होत्या.

मग तपासायचं कसं

गटात हे काम कुणालाही करता येईल. पाच प्रश्न फळ्यावर लिहून ठेवा.

एक, नाव देवनागरीत नेमकं कसं लिहायचं? श की स, न की ण, ऱ्हस्व की दीर्घ. ‘ईशा’ म्हटलं तर सत्ता असलेली. ‘इशा’ म्हटलं तर रात्रीची नमाज. दोन्ही चांगले, पण शब्द दोन.

दोन, नाव कुठल्या भाषेतलं? संस्कृत, पाली, फारसी, अरबी, इंग्रजी, कानडी, की आदिवासी बोलीतलं? भाषा कळल्याशिवाय अर्थ लावायला जाऊ नका.

तीन, त्या भाषेच्या कोशात तो शब्द आहे का? संस्कृतसाठी वामन शिवराम आपट्यांचा कोश. मराठीसाठी मोल्सवर्थचा, आणि दाते-कर्व्यांचा सात खंडांचा महाराष्ट्र शब्दकोश. मराठीत आलेल्या फारसी-अरबी शब्दांसाठी माधवराव पटवर्धनांचा, म्हणजे कवी माधव जूलियनांचा, फार्शी-मराठी कोश. पुराणातल्या व्यक्तींसाठी चित्रावशास्त्रींचा प्राचीन चरित्रकोश. मोठ्या गावच्या नगर वाचनालयात यातले बरेच असतात. दोन जणी अर्धा दिवस बसल्या तर पन्नास नावं सहज होतील. कोशात शब्दच नसेल तर ‘हे नवं नाव आहे’ असं मोकळेपणानं सांगा. नवं असणं हा दोष नाही.

चार, हे नाव कुणी ठेवलं, का ठेवलं? आईला, आजीला, आत्याला विचारा आणि लिहून ठेवा.

पाच, पुस्तकात लिहिलेला अर्थ कुणाच्या नजरेतून आहे? एक सोपा खेळ करा. बाजारातलं कुठलंही नावांचं पुस्तक आणा. मुलींच्या दहा पानांत सुंदर, कोमल, गोरी किती वेळा आलं ते मोजा, आणि मुलग्यांच्या दहा पानांत विजयी, पराक्रमी, राजा किती वेळा. किशोरी गटात घ्या. वेगळं भाषण द्यावं लागणार नाही.

एक व्यवहाराची गोष्ट. बाराव्या दिवशी नाव ठरलंच पाहिजे, अशी घाई कायद्याला नाही. जन्माची नोंद वेळेत करा. नाव मात्र नोंदणीनंतर बारा महिन्यांपर्यंत शुल्काशिवाय आणि पुढे पंधरा वर्षांपर्यंत विलंबशुल्क भरून घालता येतं. पण आळसही नको. १ ऑक्टोबर २०२३ नंतर जन्मलेल्यांना शाळाप्रवेशापासून अनेक कामांसाठी जन्माचा दाखला हाच पुरावा धरला जातो. दाखल्यावर श-स, ऱ्हस्व-दीर्घ आणि इंग्रजी स्पेलिंग तिथल्या तिथे वाचून घ्या.

शेवटी

कुणी म्हणेल, नाव सोनूबाई आणि हाती कथलाचा वाळा. नाव चांगलं असून काय होतं? खरं आहे. नकुशीची ऐश्वर्या झाली म्हणून तिच्या नावावर जमिनीचा तुकडा होत नाही, तिची शाळा चालू राहीलच असं नाही. ती लढाई वेगळी लढावी लागते आणि आपण लढतोच आहोत. पण दाखल्यावरची ओळ बदलते तेव्हा काहीतरी सरकतं. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदांवर महाराष्ट्रात मुलाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव असा क्रम आला. कितीजणींनी त्यासाठी किती वर्षं मागणी केली होती!

आणि तरी इतक्या विचारानं ठेवलेलं नाव आपण लग्नाच्या दिवशी तांदळाच्या ताटात पुसून टाकतो. नवऱ्याच्या नावाला शोभेलसं दुसरं नाव अंगठीनं लिहिलं जातं, टाळ्या वाजतात. लग्नानंतर बाईनं नाव बदललंच पाहिजे असं कुठलाही कायदा सांगत नाही. जिला बदलायचं तिनं जरूर बदलावं. पण आपल्या नावाचा अर्थ आणि ते ठेवणाऱ्या माणसाचा हेतू जिला माहीत आहे, ती मुलगी ते ताट पुढे आल्यावर निदान विचारेल, “का?” तो प्रश्न तिच्या तोंडी यावा म्हणून हा सारा खटाटोप.

तेव्हा एक काम घेऊन जा. पुढच्या बैठकीत प्रत्येकीनं आपलं नाव सांगायचं, ते कुणी ठेवलं ते सांगायचं, कोशात काय आहे ते सांगायचं, आणि या सगळ्यातला कोणता अर्थ ती स्वतःचा म्हणून ठेवणार आहे तेही सांगायचं. ज्यांची नावं लग्नात बदलली त्यांनी दोन्ही नावं सांगायची. वहीत लिहून ठेवा. वस्तीतल्या पुढच्या बारशाला जाताना ती वही सोबत न्या.